कंपवात, खाजकुहिली व सर्पगंधा : एका प्रचलित विधानाची तपासणी

वैद्यकाच्या जुन्या पोथ्या हाताळणाऱ्या संशोधकांच्या कानांवर एक विधान वारंवार येतें. तें असें कीं, पाश्चात्य वैद्यक ज्यास पार्किन्सनचा रोग म्हणतें, तो आपल्या पूर्वजांस कंपवात या नांवानें पूर्ण अवगत होता. त्यावर ते खाजकुहिलीचें बीं देत असत. आणि पाश्चात्यांनीं तेंच औषध शेंकडों वर्षांनंतर नव्या नांवानें प्रचारांत आणलें. या विधानांत सत्याचा अंश आहे, तसा अनुमानाचाही आहे. हे दोन अंश एकमेकांपासून वेगळे करून दाखवावे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतु.

प्रथम रोगाच्या नांवाचा विचार करूं. चरकसंहितेच्या सूत्रस्थानांत वाताचे ऐंशी विकार गणले आहेत, त्यांत वेपथु म्हणजे कांपरें आहे. माधवनिदानाच्या वातव्याधिप्रकरणांत सर्वांगाचा व मस्तकाचा कंप तो वेपथु, अशी व्याख्या केली आहे. आंध्र देशीं प्रचलित असलेल्या बसवराजीयांत कंपवात हें नांव येऊन हातापायांचा कंप, निद्राभंग व बुद्धीची क्षीणता हीं लक्षणें सांगितलीं आहेत. परंतु सुश्रुतानें वर्णिलेला कलायखंजही चालूं लागतांना कांपतो, आणि अर्वाचीन अभ्यासक त्या विकाराचा संबंध लाखेच्या डाळीशीं जोडतात. तेव्हां कंप हें लक्षण होय; त्यावरून रोग कोणता हें ठरत नाहीं. वार्धक्यानें, ज्वरानें, मद्यानें व भयानेंही हात कांपतो. अमुक पोथींत कंप हा शब्द आला, एवढ्या आधारावर विशिष्ट रोगाची ओळख पटविणें म्हणजे केवळ नामसादृश्यावरून दोन पुरुष एकच ठरविण्यासारखें आहे.

जेम्स पार्किन्सन या लंडनच्या हॉक्स्टन भागांतील वैद्यानें १८१७ सालीं जो लहानसा निबंध छापला, त्याचें महत्त्व येथेंच आहे. हा गृहस्थ जीवाश्मांचा जाणता संग्राहक होता व १८०७ सालीं स्थापन झालेल्या भूगर्भशास्त्रीय मंडळाच्या संस्थापकांपैकीं एक होता. त्याच्या निबंधास आधार केवळ सहा रोग्यांचा. त्यांतीलही कांहीं त्यानें रस्त्यांतच पाहिलेले. तथापि स्वस्थ असतांना होणारा कंप, पुढें वांकलेलें शरीर, आणि चालतां चालतां धांवूं लागण्याची प्रवृत्ति हीं सर्व एकाच रोगाचीं अंगें होत, हें त्यानें प्रथम जुळवून दाखविलें. बुद्धि शाबूत राहते असें त्याचें मत होतें. तें पुढें सर्वांशीं टिकलें नाहीं. या रोगांत निद्रा बिघडते व अनेकांची बुद्धीही कालांतरानें मंदावते, असें आतां सिद्ध आहे. या बाबतींत बसवराजीयाचें वर्णन लक्ष वेधून घेतें खरें. पण अंगाचा ताठरपणा व हालचालींचा मंदपणा हीं या रोगाचीं जीं मुख्य लक्षणें, त्यांचा त्या वर्णनांत उल्लेख नाहीं, हेंही विसरतां कामा नये.

पार्किन्सननें सुचविलेला उपचार मानेजवळून रक्त काढण्याचा होता. पुढें पॅरिस येथील शार्को यानें या रोगास पार्किन्सनचें नांव दिलें. त्याच्या रुग्णालयांत धोत्रा-बेलाडोना वर्गांतील वनस्पतींचें सत्त्व देत, त्यानें थोडासा आराम पडे. १९१२ सालीं लेवी यानें अशा रोग्यांच्या मेंदूंत विशिष्ट कण पाहिले. १९१९ सालीं त्रेत्याकॉफ यानें मेंदूच्या तळाशीं असलेल्या कृष्णवर्ण भागाच्या नाशाशीं रोगाचा संबंध दाखविला. पण त्या भागाच्या नाशानें शरीरांत काय उणें पडतें, हें अज्ञातच राहिलें.

आतां कुहिली. कपिकच्छु, आत्मगुप्ता, शूकशिंबी या नांवांनीं ही वेल संहितांत सर्वत्र भेटते. पण कोठें भेटते हें पाहिलें पाहिजे. चरकांत तिचा ठळक उपयोग वाजीकरणाच्या योगांत आहे. वातव्याधींतही ती येते; अकराव्या शतकांतील चक्रदत्तांत उडीद, बला, शूकशिंबी, रास्ना, अश्वगंधा, एरंड इत्यादींचा जो माषबलादि क्वाथ आहे, तो पक्षाघात व मन्यास्तंभ यांवर सांगितला आहे. म्हणजे बलहीन झालेल्या अंगांस कुहिली हितावह, हा अनुभव जुना आहे, यांत शंका नाहीं. परंतु केवळ कंपावर एकटें कुहिलीचें बीं, असा स्पष्ट योग या ग्रंथांच्या मुख्य परंपरेंत प्रधानपणें दिसत नाहीं. तो दुवा मागाहून जोडला गेला, आणि तो कसा जोडला गेला हा इतिहास स्वतंत्रपणें मनोरंजक आहे.

१९१३ सालीं बाझल येथील गुगेनहाइम या रसायनज्ञानें बाकल्याच्या शेंगांतून डोपा नांवाचें द्रव्य वेगळें काढलें व अडीच ग्रॅम स्वतः गिळून पाहिलें. भयंकर वांति झाली. द्रव्य निरुपयोगी ठरून बाजूस पडलें. १९३७ सालीं मद्रास येथील दामोदरन् व रामस्वामी यांनीं तेंच द्रव्य कुहिलीच्या बियांतून काढून तो शोध प्रसिद्ध केला. औषध हातीं आलें होतें. पण तें कोणत्या रोगावरचें, हें कोणासच ठाऊक नव्हतें.

त्या प्रश्नाचें उत्तर दुसऱ्या एका भारतीय वनस्पतीच्या वाटेनें आलें. १९३१ सालीं कलकत्त्याचे गणनाथ सेन व कार्तिकचंद्र बोस यांनीं सर्पगंधेचा उन्माद व रक्तदाब यांवरील गुण प्रसिद्ध केला. त्याच वर्षीं दिल्लीस सलीमुझ्झमां सिद्दिकी यांनीं तिच्यांतून कांहीं क्षारद्रव्यें काढून एकास हकीम अजमलखान यांच्या स्मरणार्थ अजमलीन हें नांव दिलें. १९४९ सालीं मुंबईचे डॉ. रुस्तम जाल वकील यांनीं पन्नास रोग्यांवरील आपला अनुभव ब्रिटिश हृद्रोगविषयक नियतकालिकांत छापला, आणि पाश्चात्य वैद्यांचें लक्ष इकडे वळलें. १९५२ सालीं बाझल येथें सर्पगंधेचें मुख्य सत्त्व रिसर्पीन हातीं आलें. तें जगभर दिलें जाऊं लागल्यावर कांहीं रोग्यांत विलक्षण प्रकार दिसला : हालचाल मंदावे, अंग ताठे, हात कांपे. औषधानेंच पार्किन्सनच्या रोगाची प्रतिकृति निर्माण होत होती.

१९५७ सालीं स्वीडनमधील आर्विद कार्लसन यांनीं रिसर्पीननें निश्चेष्ट झालेल्या सशांस डोपा टोंचलें. ते ससे उठून हिंडूं लागले. डोपापासून शरीरांत डोपामीन बनतें व तें मेंदूंतील स्वतंत्र संदेशवाहक द्रव्य आहे, हें त्यांनीं पुढें दाखविलें. याबद्दल २००० सालीं त्यांस नोबेल पारितोषिक मिळालें. १९६० सालीं व्हिएन्ना येथें एरिंगर व हॉर्निकिएविच यांनीं मृत रोग्यांचे मेंदू तपासून त्यांतील डोपामीन अत्यंत घटलेलें असल्याचें सिद्ध केलें. १९६१ सालीं बिर्कमायर यांच्या साहाय्यानें प्रथम डोपाची सुई दिली गेली. अंथरुणास खिळलेले रोगी कांहीं काळ चालूं लागले. १९६७ सालीं अमेरिकेंतील कोत्झिआस यांनीं मात्रा हळूहळू वाढवीत तोंडावाटें औषध देण्याची रीत बसविली. पुढें कार्बिडोपा हें सहाय्यक द्रव्य सोबत देऊन ओकारी कमी झाली व मात्राही बरीच घटली.

म्हणजे एका भारतीय वेलींत औषध होतें व दुसऱ्या भारतीय मुळींत रोगाच्या कारणाची किल्ली होती. परंतु या दोहोंची भेट ना पोथींत झाली, ना मद्रासेंत, ना मुंबईंत. ती लुंड व व्हिएन्ना येथील प्रयोगशाळांत झाली. हें कबूल केल्यानें पूर्वजांचा मान उणावत नाहीं.

दुवा लागल्यावर मात्र आपल्या लोकांनींही तो तपासला. १९७८ सालीं मुंबईचे डॉ. अशोक वैद्य व त्यांचे सहकारी यांनीं कुहिलीच्या चूर्णाचा रोग्यांवरील अनुभव प्रसिद्ध केला. २००४ सालीं लंडन येथें आठ रोग्यांवर झालेल्या तुलनेंत कुहिलीच्या तीस ग्रॅम चूर्णाचा गुण नेहमींच्या औषधाहून लवकर आला व अधिक वेळ टिकला. २०१७ सालीं अठरा रोग्यांवर असाच प्रयोग झाला. संख्या लहान आहेत, हें ध्यानांत ठेवावें. बियांतील डोपाचें प्रमाण अनेक पृथक्करणांत शेंकडा चार ते सहा भरलें आहे, पण तें बियांगणिक बदलतें. औषध तेंच असल्यामुळें वांति, भ्रम व अवयवांच्या अनावर हालचाली हे दोषही त्यास चिकटलेले आहेत.

शिवाय डोपा हें रोगाचें मूळ छेदीत नाहीं. १९८७ सालीं ग्रनोबल येथें बेनाबी यांनीं मेंदूंत विद्युत्प्रवाह सोडून कंप थांबविण्याची शस्त्रक्रिया सुरू केली. १९९७ सालीं लेवीच्या कणांतील मुख्य द्रव्य आल्फा-सिन्युक्लीन असल्याचें कळलें. २०२५ सालीं जपान व अमेरिका येथील मंडळींनीं प्रयोगशाळेंत वाढविलेल्या पेशी मेंदूंत रोपण केल्याचे वृत्तान्त छापले. तथापि रोगाची प्रगति निश्चितपणें थांबविणारें औषध अद्याप सिद्ध झालेलें नाहीं.

पोथीसंग्राहकांस यांतून घेण्यासारखा बोध उघड आहे. घरोघरच्या वैद्यांच्या बाडांत कंपावरचे योग असतील, कुहिलीचेही असतील. असा योग सांपडल्यास त्यांतील मात्रा, अनुपान, शोधनाची रीत व रोग्याचें वर्णन जसेंच्या तसें उतरून घ्यावें. बाडाचा लेखनकाल, अक्षरवळण व कागद यांची नोंद करावी. मूळांत कंप असेल तेथें पार्किन्सन असें लिहूं नये, आणि १९६१ नंतरच्या हातची समासांतील भर मूळ मजकुरांत मिसळूं देऊं नये. कुहिलीचा कंपावरील योग निःसंशय जुन्या हातच्या बाडांत मिळाला, तर तो वरील विधानास पहिला भक्कम आधार होईल. तोंपर्यंत तें विधान अनुमानच होय.

आणखी एक. अशा बाडांतील योग वाचून कोणी कांपत्या हाताचा वृद्ध चूर्ण मागावयास आला, तर त्यास पोथी दाखवावी, चूर्ण देऊं नये. चालू औषधांत वजन न केलेल्या डोपाची भर पडल्यास अपाय त्यालाच भोगावा लागतो. इतिहासाच्या साधनांत चूक झाल्यास ती पुढील अंकांत दुरुस्त करतां येते. रोग्याच्या बाबतींत तशी सोय नाहीं.