परत देण्याजोगे काही नसताना : आभासी वास्तवाच्या खेळांचा परतावा

विकत घेतलेली वस्तू पसंत पडली नाही तर ती परत करून पैसे मागण्याची रीत ज्या आधारावर उभी होती, तो आधार अगदी साधा होता : पैशांच्या बदल्यात वस्तू दुकानात परत येत असे आणि दुकानदाराला ती पुन्हा विकता येत असे. संगणकीय खेळांच्या व्यापारात हा आधार आधी डळमळला आणि खेळ इंटरनेटवरून थेट उतरवून घेतले जाऊ लागल्यावर तो पूर्णच नाहीसा झाला. कारण ग्राहकाच्या हाती परत देण्याजोगे काही उरले नाही आणि विक्रेत्यालाही काही परत मिळण्याची गरज उरली नाही. मग परताव्याचा हक्क कशाने मोजायचा, या प्रश्नाभोवती गेल्या चार दशकांचा इतिहास फिरतो. वस्तूची जागा अखेर वेळेने घेतली, म्हणजे खेळ किती तास चालवला हे माप ठरले. मात्र ते माप विक्रेत्यांनी आपण होऊन फारसे दिले नाही, त्यासाठी कायद्याला त्यांच्यामागे लागावे लागले, आणि आभासी वास्तवाच्या खेळांपाशी येताच त्या मापाच्या मर्यादाही उघड झाल्या.

आरंभीचे घरगुती खेळ प्लॅस्टिकच्या कार्ट्रिजमध्ये येत. कार्ट्रिजची नक्कल करणे सामान्य ग्राहकाच्या आवाक्याबाहेर असल्याने ते परत घेण्यात दुकानदाराला धोका वाटत नसे, आणि न खपलेला माल उत्पादकाकडे परत पाठवण्याची वहिवाटही होती. या वहिवाटीचा भार किती मोठा होऊ शकतो हे अमेरिकेतील अटारी कंपनीने १९८३ मध्ये अनुभवले. १९८२ च्या नाताळासाठी घाईने तयार केलेला ‘ई.टी.’ हा खेळ अपेक्षेप्रमाणे खपला नाही, आणि कंपनीने सप्टेंबर १९८३ मध्ये पडून राहिलेली कार्ट्रिजे न्यू मेक्सिकोतील आलामोगोर्डो गावाच्या कचराभूमीत पुरून टाकली. एप्रिल २०१४ मध्ये तेथे झालेल्या उत्खननात ती पुन्हा बाहेर आली.

खेळ फ्लॉपीवर आणि पुढे सीडीवर येऊ लागले तेव्हा चित्र पालटले. फ्लॉपीची नक्कल काही मिनिटांत होत असल्याने, ग्राहक खेळ घरी नेऊन उतरवून घेईल आणि मूळ प्रत परत आणून देईल, अशी भीती दुकानदारांना वाटू लागली, व खोके उघडले की परतावा नाही हा नियम रूढ झाला. याच काळात खोक्यावरील पारदर्शक वेष्टन फाडणे म्हणजे आतील परवान्याच्या अटी मान्य करणे, असे मानणारी करारपद्धती आली. परवाना म्हणजे वस्तूची मालकी न देता तिच्या वापराची दिलेली मर्यादित मुभा. अशा अटी बंधनकारक आहेत असा निर्णय अमेरिकेतील सातव्या विभागाच्या अपील न्यायालयाने १९९६ मध्ये प्रोसीडी खटल्यात दिला, आणि त्याचे एक महत्त्वाचे कारण असे सांगितले की अटी पटल्या नाहीत तर ग्राहकाला माल परत करता येतो. येथे एक विलक्षण विसंगती निर्माण झाली : कायद्याच्या दृष्टीने कराराचे समर्थन परत करण्याच्या हक्कावर उभे होते, आणि दुकानाच्या गल्ल्यावर नेमका तोच हक्क नाकारला जात होता. ही विसंगती चव्हाट्यावर आणण्यासाठी लिनक्स प्रणाली वापरणाऱ्यांनी १५ फेब्रुवारी १९९९ हा दिवस ‘विंडोज परतावा दिन’ म्हणून पाळला. नव्या संगणकासोबत गळ्यात पडलेली, पण कधीही न वापरलेली विंडोज प्रणाली परत घ्या आणि परवान्यात लिहिल्याप्रमाणे पैसे द्या, अशी मागणी घेऊन ते कॅलिफोर्नियातील फॉस्टर सिटी येथील मायक्रोसॉफ्टच्या कार्यालयावर गेले. पैसे मिळाले नाहीत. पण परवान्यातील वाक्य शब्दशः वाचून त्याची अंमलबजावणी मागणारा ग्राहक या क्षेत्रात प्रथमच संघटितपणे दिसला.

परताव्याची उणीव त्या काळात काही अंशी शेअरवेअर या पद्धतीने भरून निघत होती. खेळाचा पहिला भाग मोफत वाटायचा आणि पुढचे भाग हवे असतील तर पैसे घ्यायचे, ही ती पद्धत; डिसेंबर १९९३ मध्ये आलेला ‘डूम’ हे तिचे सर्वांत गाजलेले उदाहरण होय. आधी पाहून मग घेण्याची सोय असल्यामुळे परत करण्याचा प्रश्नच कमी उद्भवत असे. पुढे खेळांचा आकार आणि खर्च वाढत गेला तशी ही पद्धत मुख्य प्रवाहातून मागे पडली, हे ग्राहकाचे खरे नुकसान होते.

व्हॉल्व्ह या अमेरिकी कंपनीने सप्टेंबर २००३ मध्ये स्टीम ही सेवा सुरू केली. आरंभी तिचा हेतू कंपनीच्या स्वतःच्या खेळांत सुधारणा पोहोचवण्याचा होता. परंतु नोव्हेंबर २००४ मध्ये आलेल्या ‘हाफ-लाइफ २’साठी, खोके दुकानातून घेतले तरी, स्टीमवर खाते उघडणे सक्तीचे झाले, आणि २००५ पासून इतरांचे खेळही तेथे विकले जाऊ लागले. दिलेले पैसे पूर्णतः वा अंशतः परत मिळणार नाहीत, अशी तरतूद तिच्या करारात होती. महाराष्ट्रातील दुकानांच्या बिलांवर पिढ्यान्‌पिढ्या छापलेली ‘एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही’ ही सूचना आणि ही तरतूद यांत आशयाचा फरक नव्हता. फरक एवढाच की बिलावरच्या सूचनेवर गल्ल्यापाशी उभे राहून हुज्जत घालता येत असे.

वेळेचे माप लावण्याचे पहिले मोठे प्रयोग मोबाइलच्या बाजारात झाले. गूगलच्या अँड्रॉइड मार्केटमध्ये आधी २४ तासांच्या आत ॲप परत करता येत असे. डिसेंबर २०१० मध्ये ही मुदत अवघ्या १५ मिनिटांवर आणली गेली आणि २०१४ मध्ये ती दोन तास झाली. संगणकावरील खेळांच्या बाबतीत इलेक्ट्रॉनिक आर्ट्स या कंपनीने ऑगस्ट २०१३ मध्ये, केवळ आपल्या खेळांपुरती, खेळ प्रथम सुरू केल्यापासून २४ तास किंवा खरेदीपासून सात दिवस यांपैकी जे आधी संपेल तोवर परताव्याची हमी दिली. युरोपीय संघाच्या २०११ च्या ग्राहकहक्क निर्देशाने, जो जून २०१४ पासून लागू झाला, दूरस्थ खरेदीतून १४ दिवसांत माघार घेण्याचा हक्क दिला खरा. परंतु खेळ ताबडतोब मिळावा अशी संमती ग्राहकाने दिली आणि त्यामुळे माघारीचा हक्क संपतो हे मान्य केले, तर डिजिटल आशयापुरता तो हक्क लोप पावतो, असा अपवादही त्यातच ठेवला. खरेदीच्या पानावर एका चौकटीत खूण करून ही संमती घेता येत असल्याने, कायद्याने एका हाताने दिलेले दुसऱ्या हाताने काढून घेतले गेले.

निर्णायक वळण ऑस्ट्रेलियात आले. तेथील स्पर्धा व ग्राहक आयोगाने ऑगस्ट २०१४ मध्ये व्हॉल्व्हविरुद्ध फेडरल न्यायालयात दावा दाखल केला. ऑस्ट्रेलियाच्या ग्राहक कायद्यानुसार विकलेली वस्तू स्वीकारार्ह दर्जाची असलीच पाहिजे, ती तशी नसेल तर दुरुस्ती, बदली वा परतावा द्यावा लागतो, आणि हे हक्क कोणत्याही करारातील कलमाने काढून घेता येत नाहीत. म्हणून परतावा मिळणार नाही असे सांगणे म्हणजे ग्राहकाची दिशाभूल करणे, असे आयोगाचे म्हणणे होते. व्हॉल्व्हचा बचाव तीन पायांवर उभा होता : करार अमेरिकेतील वॉशिंग्टन राज्याच्या कायद्याखाली झाला आहे, कंपनी ऑस्ट्रेलियात व्यवसाय करीत नाही, आणि खेळ ही वस्तूच नाही. मार्च २०१६ मधील निकालात न्यायमूर्ती जेम्स एडलमन यांनी हे तिन्ही पाय काढून घेतले. ऑस्ट्रेलियातील खातेदारांची संख्या सुमारे २२ लाख होती, कंपनीचे सर्व्हर त्या देशात ठेवलेले होते आणि त्यांच्या जागेपोटी तेथील व्यावसायिकांना ती नियमित पैसे देत होती. एवढे असताना व्यवसाय नाही असे म्हणणे टिकणारे नव्हते. वस्तूच्या व्याख्येत संगणकीय आज्ञावलीचा समावेश तर त्या कायद्याने स्पष्टपणेच केलेला होता. दंडाच्या सुनावणीत कंपनीने अडीच लाख ऑस्ट्रेलियन डॉलर पुरेसे आहेत असे सुचवले होते. डिसेंबर २०१६ मध्ये न्यायालयाने ३० लाख डॉलरांचा दंड ठोठावला, आणि त्या देशात व्यवसाय सुरू करताना कंपनीने तेथील कायद्याचा सल्लासुद्धा घेतला नव्हता, ही बाब त्या वेळी लक्षात घेतली. डिसेंबर २०१७ मध्ये अपील फेटाळले गेले आणि एप्रिल २०१८ मध्ये उच्चतम न्यायालयाने विशेष परवानगी नाकारल्यावर प्रकरण संपले. याच आयोगाने पुढे सोनीच्या युरोपीय कंपनीलाही न्यायालयात खेचले. खेळ उतरवून घेतल्यावर परतावा देणे बंधनकारक नाही असे ग्राहकांना सांगितल्याबद्दल जून २०२० मध्ये तिला ३५ लाख ऑस्ट्रेलियन डॉलरांचा दंड झाला.

दावा न्यायप्रविष्ट असतानाच, २ जून २०१५ रोजी, स्टीमने जगभरच्या ग्राहकांसाठी नवे धोरण जाहीर केले : खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि खेळण्याचा वेळ दोन तासांपेक्षा कमी असेल तर कोणतेही कारण देऊन परतावा मागता येईल. दावा आणि धोरण यांचा संबंध कंपनीने कधी सांगितला नाही, पण दोहोंमधील अंतर दहा महिन्यांहूनही कमी आहे. धोरणाची कसोटी तीनच आठवड्यांत लागली. २३ जूनला आलेल्या ‘बॅटमन : आर्कम नाइट’ची संगणकावरील आवृत्ती इतकी सदोष निघाली की प्रकाशकाने दुसऱ्याच दिवशी तिची विक्री थांबवली. ग्राहकाच्या हाती परताव्याचे साधन आल्यावर अर्धवट माल बाजारात आणणे किती महाग पडू शकते, हे या प्रसंगाने उद्योगाला दाखवून दिले.

हे माप रुळते न रुळते तोच आभासी वास्तवाचे घरगुती युग सुरू झाले. डोक्यावर चढवायच्या हेडसेटमधून दोन्ही डोळ्यांना किंचित वेगळी चित्रे दाखवायची आणि मान वळवली की दृश्यही वळवायचे, हे या तंत्राचे सार. १९९१ मध्ये इंग्लंडमधील व्हर्च्युअ‍ॅलिटीची यंत्रे खेळघरांत आली होती, पण तेथे खेळीगणिक पैसे मोजावे लागत. ऑक्युलस रिफ्ट हा हेडसेट २८ मार्च २०१६ रोजी ५९९ डॉलरांना आणि एचटीसी व्हाइव्ह ५ एप्रिलला ७९९ डॉलरांना विक्रीस आला, व आभासी वास्तवाच्या खेळांची विक्री जवळजवळ पूर्णपणे डिजिटल दुकानांतून होऊ लागली. ऑक्युलसच्या दुकानाने २०१७ च्या सुमारास स्वयंचलित परतावा सुरू केला. रिफ्टसाठी स्टीमचेच १४ दिवस आणि दोन तास स्वीकारले गेले, तर सॅमसंगचा फोन बसवून वापरायच्या गिअर व्हीआरसाठी तीन दिवस आणि ३० मिनिटे अशी फार आखूड मुदत ठेवली गेली.

या खेळांच्या परताव्यामागील कारण पूर्वीच्या कारणांहून वेगळे आहे, आणि तेच या इतिहासातील सर्वांत लक्षणीय वळण होय. खेळ निर्दोष असतो, जाहिरातीप्रमाणे असतो, आवडतोही, आणि तरीही ग्राहकाचे शरीर तो नाकारते. डोळ्यांना आपण धावत आहोत असे दिसते आणि आंतरकर्णातील तोल सांभाळणारी यंत्रणा आपण स्थिर उभे आहोत असे सांगते. या विसंवादातून घाम, मळमळ आणि घेरी येते, असे १९७५ मध्ये रीझन आणि ब्रँड यांनी मांडलेल्या उपपत्तीच्या आधारे सर्वसाधारणपणे मानले जाते. विमानचालनाच्या प्रशिक्षणयंत्रांवर बसणाऱ्या वैमानिकांना हाच त्रास होत असे, आणि तो मोजण्यासाठी १९९३ मध्ये केनेडी व सहकाऱ्यांनी तयार केलेली प्रश्नावली आजही आभासी वास्तवाच्या अभ्यासात वापरली जाते. ऑक्युलसच्या दुकानाने खेळांवर आरामदायक, मध्यम आणि तीव्र अशा पायऱ्या नोंदवायला सुरुवात केली ती याच कारणाने. परंतु एकाला मध्यम वाटणारा खेळ दुसऱ्याला पाच मिनिटांत खाली बसवतो, आणि हे हेडसेट चढवण्यापूर्वी कोणतेही वर्णन सांगू शकत नाही.

पाच मिनिटांत त्रास झालेल्याला दोन तासांची मर्यादा भरपूर आहे. अडचण होते ती सवय लावू पाहणाऱ्याची. दररोज थोडा थोडा वेळ खेळल्यास पुष्कळांचे शरीर हळूहळू जुळवून घेते. पण तसा प्रयत्न करणारा ग्राहक दोन आठवड्यांची मुदत त्यातच घालवतो. शिवाय घड्याळ मोजते ते ॲप उघडे असल्याचा वेळ. उंची जुळवणे, चित्र अडखळत असल्यास खेळातील मांडणी बदलून पाहणे, घेरी आली म्हणून हेडसेट काढून खेळ तसाच चालू ठेवून पाणी पिऊन येणे, हे सर्व संगणकावर खेळण्याच्या खात्यात जमा होते, आणि सपाट पडद्यासाठी आखलेले दोन तास येथे प्रत्यक्षात बरेच कमी भरतात.

याच मापाची झळ लहान निर्मात्यांनाही बसते, आणि त्यांची तक्रार न्याय्य आहे. दोन तासांच्या आत संपणारा खेळ पुरता खेळून परत करता येतो. २०२१ मध्ये ‘समर ऑफ ५८’ या सुमारे दीड तासाच्या भयखेळाच्या निर्मात्याने परताव्यांमुळे खेळनिर्मिती अनिश्चित काळासाठी थांबवत असल्याचे जाहीर केले होते. तो खेळ सपाट पडद्याचा होता. परंतु शारीरिक थकव्यामुळे मुळातच आखूड ठेवले जाणारे आभासी वास्तवाचे अनुभव या धोक्याच्या अधिक जवळ असतात.

मुदत संपल्यानंतर खेळच बदलला तर काय, हा प्रश्न याहून अवघड ठरला. जुलै २०२० मध्ये ‘ऑनवर्ड’ हा लष्करी खेळ क्वेस्ट या स्वतंत्र हेडसेटवर आणताना संगणकावरील आवृत्तीची चित्रेही साधी करण्यात आली, आणि अनेक वर्षांपूर्वी तो विकत घेतलेल्यांना आपण घेतलेला खेळ आता राहिलाच नाही असे वाटले. २०२२ मध्ये ‘पॉप्युलेशन : वन’ या खेळाने पहिल्या क्वेस्टचा आधार काढून घेतला तेव्हा मात्र त्या हेडसेटवरील खरेदीदारांना परतावा देऊ केला. युरोपीय संघाच्या २०१९ च्या डिजिटल आशयविषयक निर्देशाने, जो १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे, या प्रश्नाला प्रथमच कायद्याचे रूप दिले : विक्रेत्याने केलेल्या बदलाने ग्राहकाच्या वापरात क्षुल्लक नसलेली बाधा आली, तर त्याला ३० दिवसांत करार संपवता येतो; बदलापूर्वीची आवृत्ती विनाखर्च वापरता येत असेल तर मात्र हा हक्क नाही. भारतात १९७४ मध्ये पुण्यात बिंदुमाधव जोशी यांनी सुरू केलेल्या ग्राहक पंचायतीच्या चळवळीने ज्या कायद्याची वाट घडवली, त्या १९८६ च्या ग्राहक संरक्षण कायद्याची जागा घेणाऱ्या २०१९ च्या कायद्यात डिजिटल उत्पादनांची विक्री ई-व्यापाराच्या व्याख्येत आली आहे, सदोष माल परत न घेणे ही अनुचित व्यापारी प्रथा ठरली आहे आणि आपण राहतो त्या जिल्ह्यात तक्रार दाखल करण्याची मुभा ग्राहकाला मिळाली आहे. विक्रीनंतर बदललेल्या खेळासाठी मात्र युरोपातील तरतुदीसारखे स्वतंत्र कलम त्यात नाही.