एकट्याचे नाटक, दुसऱ्याच्या गळ्यात

आजचा धागा जपानहून सुरू होऊन परभणीला येतो.

जपानमध्ये ‘राकुगो’ नावाचा विनोदी कथनप्रकार आहे. कलावंत गादीवर गुडघे दुमडून बसतो. हाताशी एक पंखा आणि एक पंचा, बस्स. मान एकीकडे वळली की मालक, दुसरीकडे वळली की नोकर. पंख्याची कधी तलवार होते, कधी शेवया खाण्याच्या काड्या. न उठता साऱ्या पात्रांचे भांडण एकट्याने रंगवायचे.

मराठवाड्याच्या माणसाला हे परके वाटू नये. मराठवाडा विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारे प्रा. लक्ष्मण देशपांडे ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये ५२ पात्रे एकटेच उभी करीत. (हे वऱ्हाड लग्नाचे, विदर्भातले नव्हे!) खेड्यातली मंडळी लग्नासाठी विमानाने लंडनला निघतात, एवढेच कथानक. खरे वैभव बोलीचे. प्रमाण मराठीच्या रंगभूमीवर जी बोली सहसा गड्याच्या तोंडी यायची, तिने इथे अख्खे नाटक व्यापले.

२००९ मध्ये देशपांडे गेले. एकपात्री प्रयोगाची संहिता छापता येते. पण कोणत्या शब्दावर थांबायचे, म्हातारीचा आवाज नेमका कुठे चिरकायचा, हे पुस्तकात उतरत नाही.

हाच पेच ओसाकाने अनुभवला आहे. तिथल्या बोलीतला राकुगो ‘कामिगाता’ म्हणून ओळखला जातो. दुसऱ्या महायुद्धानंतर त्याचे मोजकेच वृद्ध कलावंत उरले होते. कात्सुरा बेइचो (१९२५–२०१५) यांनी त्यांच्याकडून विस्मृतीत चाललेल्या कथा मिळवल्या, तुटलेले दुवे जोडले, शिष्य घडवले. १९९६ मध्ये जपान सरकारने त्यांना ‘जिवंत राष्ट्रीय ठेवा’ हा सन्मान दिला. त्यांच्या शिष्यांनीही ‘कात्सुरा’ हेच कलाघराण्याचे नाव लावले. माझ्या मते बेइचोंचे खरे काम हेच: कथा व्यक्तीची न राहता घराण्याची झाली.

आपल्याकडे ‘वऱ्हाड’ पुन्हा उभे केले संदीप पाठक यांनी. ते माजलगावचे, म्हणजे आमच्या पाथरीहून गोदावरी ओलांडली की पलीकडचेच. त्यांचे आव्हान बेइचोंपेक्षा निराळे आहे. देशपांड्यांचे ध्वनिमुद्रण अनेकांच्या कानांत पक्के बसलेले. प्रेक्षक ते मनाशी घेऊनच नाट्यगृहात येतो. राकुगोचा रसिक तीच कथा वेगवेगळ्या कलावंतांकडून आवडीने ऐकतो. आपण मात्र दुसऱ्या नटाला आधी विचारतो, ‘मूळच्यासारखे जमते का?’

गोंधळ्याला असे कोणी विचारत नाही. परभणीचे राजारामभाऊ कदम ज्या परंपरेतले, तिथे नायक कथा सांगतो आणि साथीदार मध्येच खोडा घालून हसवतो; आख्यान बापाकडून मुलाकडे येणार, हे ऐकणाऱ्यांनी धरलेलेच असते.