मंडईतील दंडार आणि खडी गंमत



वसंत ऋतूत व्याख्याने ऐकण्याचा प्रघात न्यायमूर्ती रानडे ह्यांनी १८७५ साली पुण्यास पाडला. आपल्या वैनगंगेच्या काठी मात्र लोकांनी एकत्र जमून काही ऐकण्या-पाहण्याचा खरा हंगाम वसंत नव्हे. तो दिवाळीपासून सुरू होतो. हलके धान घरी आलेले असते, भारी धान अजून बांधीत उभे असते, आणि भाऊबीज होते न होते तोच गावोगाव मंडई भरू लागते. माहेरवाशिणी आलेल्या असतात, पाहुणे जमलेले असतात. दिवसा बाजार, आणि त्या बाजाराच्या कडेलाच दंडार आणि खडी गंमत. आजचा विषय हाच आहे.

दंडारीला रंगमंच लागत नाही, पडदा लागत नाही. ढोलक, टाळ, हातात टिपऱ्या आणि भोवती माणसांचे कडे एवढे पुरते. उभ्याने नाचत गाइली जाते ती खडी दंडार. एखादा कथाप्रसंग रंगविला जातो ती परसंगी. 'दंडार' हा शब्द 'दंड' म्हणजे टिपरी ह्यावरून आला असावा असे म्हणतात, आणि मला ते पटते. आदिलाबादकडील राजगोंड ह्याच दिवाळीच्या सुमारास 'दंडारी' नाचतात. शब्द एक, ऋतूही एक. तेव्हा ही कला केवळ मराठी मुलखाची आहे असे समजणे धाडसाचे होईल.

खडी गंमतीचे तर नावच बोलके आहे. शाहीर उभा, ढोलकीवाला उभा, तुणतुणेवाला उभा. साडी नेसून नाचणारा पोरगा, तोही अर्थात उभाच! गण, गौळण, लावणी हा क्रम पाहिला की पश्चिम महाराष्ट्रातून आलेला माणूस म्हणतो, "हा तर आमचा तमाशाच!" येथे थोडे थांबावे. पूर्वेकडे छत्तीसगडात 'नाचा' नावाचा प्रकार आहे. त्याच्या जुन्या रूपास 'खडे साज' म्हणतात, कारण वादक उभ्याने वाजवीत. त्यातील विनोदी प्रसंगाचे नाव 'गम्मत'. आणि तेथील जत्रेचे नाव 'मडई'! पश्चिमेकडून आलेली लावणी आणि पूर्वेकडून आलेली गम्मत ह्यांची सोयरीक ह्या झाडीत जुळली, असे माझे मत आहे. १९५६ पर्यंत हा जिल्हा हिंदी-मराठी संयुक्त मध्यप्रांतात व नंतरच्या मध्यप्रदेशात होता, हे लक्षात घेतले म्हणजे त्यात नवल उरत नाही.

पुढे मात्र दोघांची दैवे वेगळी झाली. हबीब तन्वीर ह्यांनी नाचातील खेडूत नट घेऊन नाटके बसविली. त्यांच्या 'चरणदास चोर'ला १९८२ साली एडिंबरोच्या महोत्सवात पारितोषिक मिळाले. आमची खडी गंमत मंडईतच राहिली. आमच्यासारखी शिकलेली मंडळी तिला 'पाचकळ' म्हणून नाके मुरडीत होती. मीही कॉलेजात असताना मुरडले आहे. आपल्यापैकी कित्येकांनी मुरडले असेल.

आता थोडे दूर जाऊ. जपान हाही आपल्यासारखाच भातखाऊ मुलूख. तेथे रोवणीच्या वेळच्या गाण्या-वाजविण्यातून 'देंगाकू' नावाचा प्रकार वाढला. 'देन' म्हणजे भातखाचर, 'गाकू' म्हणजे संगीत. पुढे चौदाव्या शतकात जे 'नो' नाट्य सरदार-दरबारात मिरवले, त्याच्या पूर्वजांत ह्या बांधीतल्या गाण्याची गणना होते. हिरोशिमा प्रांतातील मिबू येथे जूनच्या पहिल्या रविवारी आजही बैलांना शृंगारून चिखलणीस उतरवितात. मागून ढोल वाजत असतो आणि बायका गात पऱ्हे लावतात. आपल्या पोळ्याचे बैल आणि आपल्याच रोवणीच्या बाया, फक्त एका चित्रात! युनेस्कोने २०११ साली हा सोहळा मानवजातीच्या वारशात नोंदविला.

हे आपोआप झाले नाही. १९४९ साली होर्युजीच्या प्राचीन मंदिरातील भित्तिचित्रे आगीत गेली, देश हळहळला, आणि १९५० साली सांस्कृतिक ठेव्याच्या रक्षणाचा कायदा झाला. इमारतींबरोबर नाट्य, संगीत अशा हाताने न धरता येणाऱ्या वस्तूही ठेवा आहेत, हे त्या कायद्याने मानले. १९७५ च्या दुरुस्तीने लोककलांस त्यात स्वतंत्र स्थान मिळाले. आपल्याकडे पवनीच्या जगन्नाथ टेकडीवरील स्तूप १९६९-७० मध्ये उकरून काढला, विटांची मोजमापे घेतली, ग्रंथ छापला. उत्तम झाले. पण विटेला जो मान मिळाला तो शाहिराच्या गळ्याला मिळाला नाही.

दंडारीचेच अंग वाढून झाडीपट्टीचे नाटक उभे राहिले, असे जाणकार मानतात. दिवसा शंकरपट, रात्री नाटक; रात्री दहाला घंटा, आणि शेवटचा पडदा पडेपर्यंत कोंबडे आरवलेले. प्रेक्षक तणसावर, घोंगड्या पांघरून. २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने बैलांच्या शर्यती बंद केल्या. तेव्हा पट थांबले, पण नाटके थांबली नाहीत. डिसेंबर २०२१ मध्ये पटांना पुन्हा परवानगी मिळाली आणि २०२३ साली ती कायम झाली. त्याच वर्षी गडचिरोलीचे ज्येष्ठ नट परशुराम खुणे ह्यांना पद्मश्री मिळाली. वडशाच्या नाटक कंपन्यांचा आज मोठा व्यवसाय आहे. त्याचा आनंदच आहे. परंतु नाटक तिकिटावर जगते, दंडारीला तिकीट नाही. मुलगा मोठा झाला आणि आई ओसरीवर बसली, तसे काहीसे झाले आहे.

साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर ह्यांनी झाडीबोली आणि तेथील लोककला ह्यांचा अभ्यास आयुष्यभर केला. त्यांची वाट धरून करण्याजोगे एक काम आपल्या हाती आहे. जुन्या शाहिरांच्या गाण्यांच्या वह्या अजून काही घरांतून आहेत: शाईने लिहिलेल्या, कडा खाल्लेल्या, फडक्यात गुंडाळलेल्या. मातीची घरे पाडून स्लॅबची बांधताना अशा वह्या रद्दीत जातात. येत्या मंडईला आपापल्या गावी जाल तेव्हा शाहिराच्या घरी विचारा, परवानगी घेऊन पाने उतरवून आणा किंवा त्यांची छायाचित्रे घ्या, आणि कोणते गाणे कोणत्या चालीवर म्हणत ते म्हाताऱ्याला तिथेच म्हणून दाखवायला सांगा. कागदावर चाल उतरत नाही.