पोलीस अ‍ॅक्शन : पुस्तके काय उघडतात, काय झाकतात

धाराशिव जिल्ह्याचा नकाशा समोर घेतला, तर भूम तालुक्यात ईट हे गाव सापडते. तिथून थोड्या अंतरावर अहिल्यानगर जिल्ह्यातला जामखेड तालुका सुरू होतो. त्या तालुक्यातले खर्डा हे गाव १७९५ च्या मराठे-निजाम लढाईमुळे आपल्या इतिहासाच्या पुस्तकात आलेले आहे. आज ही दोन जिल्ह्यांची साधी हद्द आहे. १९४८ साली मात्र ती दोन राज्यांची सरहद्द होती. अलीकडे निजामाचे हैदराबाद संस्थान, पलीकडे स्वतंत्र भारताचा मुंबई प्रांत. या सरहद्दीवर करोडगिरीची नाकी होती.

१३ सप्टेंबर १९४८ च्या पहाटे भारतीय सैन्य संस्थानात शिरले. मुख्य फौज सोलापूरहून निघाली आणि पहिल्याच दिवशी तिने नळदुर्ग घेतले. बोरी नदीवरचा पूल शाबूत हाती लागल्यामुळे पुढची वाट मोकळी झाली. १७ सप्टेंबरला निजामाने लढाई थांबवली. दुसऱ्या दिवशी सेनापती अल् इद्रूस याने मेजर जनरल जयंतनाथ चौधरी यांच्यापुढे शरणागती पत्करली. लष्कराच्या कागदांत या मोहिमेचे नाव होते 'ऑपरेशन पोलो'. लोकांच्या तोंडी बसले 'पोलीस अ‍ॅक्शन'.

या नावापाशीच थोडे थांबू. रणगाडे आणि विमाने घेऊन केलेल्या कारवाईला 'पोलीस' का म्हणायचे? युद्ध दोन देशांत होते, आणि हा देशांतर्गत प्रश्न आहे ही भारताची भूमिका होती. म्हणजे नाव हीसुद्धा एक बाजू असते. इतिहास शिकवताना हे पहिले सूत्र ध्यानात ठेवलेले बरे.

बाजू तितकी पुस्तके

या मोहिमेबद्दल पुढे बरीच पुस्तके निघाली. त्यांतली पुष्कळशी प्रत्यक्ष त्या घडामोडींत असलेल्या माणसांनी लिहिली. व्ही. पी. मेनन हे संस्थाने खात्याचे सचिव. संस्थानांच्या विलीनीकरणावरचे त्यांचे पुस्तक १९५६ मध्ये आले. कन्हैयालाल मुनशी हे भारताचे हैदराबादमधले एजंट-जनरल. त्यांचे 'द एंड ऑफ अ‍ॅन इरा' १९५७ चे. निजामाचे पंतप्रधान मीर लायक अली १९५० मध्ये नजरकैदेतून निसटून पाकिस्तानात गेले. त्यांचे 'ट्रॅजेडी ऑफ हैदराबाद' १९६२ मध्ये निघाले. स्वामी रामानंद तीर्थ यांच्या आठवणी १९६७ मध्ये आल्या, आणि अनंत भालेराव यांचा 'हैदराबादचा स्वातंत्र्यसंग्राम आणि मराठवाडा' हा ग्रंथ १९८७ मध्ये.

यांतले प्रत्येक पुस्तक काही उघड करते. मेनन आणि मुनशी यांच्याकडून दिल्लीतल्या आणि निजामाच्या दरबारातल्या वाटाघाटी कळतात. लायक अलींकडून समजते की निजाम सरकार आतून किती एकाकी पडले होते. स्वामीजी आणि भालेराव सांगतात ते सरहद्दीवरचे कॅम्प. मुंबई प्रांताच्या बाजूला, बार्शी-सोलापूर पट्ट्यात आणि इतरत्र स्टेट काँग्रेसच्या कार्यकर्त्यांनी असे कॅम्प उभारले होते. तिथून निघून करोडगिरी नाक्यांवर हल्ले करायचे, रझाकारांच्या ठाण्यांवर चालून जायचे, आणि पुन्हा सरहद्द ओलांडून परतायचे, असे ते काम होते. त्यासाठी हत्यारे लागत आणि ती गुपचूप मिळवली जात. भारत सरकारने १९४८ मध्ये हैदराबादवर श्वेतपत्रिका काढली. तिचा भर रझाकारांच्या हल्ल्यांवर आहे. उलट दिशेने काय चालले होते हे कळायला कार्यकर्त्यांच्या आठवणीच वाचाव्या लागतात.

दुसऱ्या बाजूलाही गुप्त मोहीम होतीच. भारताने नाकेबंदी केल्यावर सिडनी कॉटन नावाच्या ऑस्ट्रेलियन वैमानिकाने कराचीहून विमानांनी निजामाला शस्त्रे पुरवली. त्याची हकिगत सांगणारे पुस्तक १९६९ मध्ये निघाले. तोपर्यंत या उड्डाणांना वीस वर्षे उलटून गेली होती.

आता ही सारी पुस्तके शेजारी शेजारी ठेवा. एक गोष्ट लक्षात येईल. माणूस समोरच्याचे गुपित मोकळेपणाने सांगतो, आपल्या बाजूचे मात्र हात राखून. आणि १८ सप्टेंबरनंतर खेड्यांत काय झाले, यावर बहुतेकांची लेखणी आखडते.

तीन माणसे, तीन आठवडे

आधी पार्श्वभूमी. रझाकारांनी संस्थानात, विशेषतः सरहद्दीच्या गावांत, जाळपोळ, लूट आणि खून केले, हे निर्विवाद आहे. हजारो कुटुंबे घरदार सोडून मुंबई प्रांतात आणि मध्य प्रांतात गेली. रझाकारांचा नेता कासीम रझवी हा लातूरचा वकील. लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातच होते. रझाकारांविरुद्ध लिहिणाऱ्या मुसलमानांनाही त्यांनी सोडले नाही. 'इमरोज' या उर्दू पत्राचे तरुण संपादक शोएबुल्ला खान यांचा ऑगस्ट १९४८ मध्ये हैदराबादेत खून झाला.

निजामाची सत्ता कोसळल्यावर सूड सुरू झाला, आणि तो रझाकारांपुरता राहिला नाही. ज्यांचा रझाकारांशी काडीचा संबंध नव्हता अशी मुसलमान कुटुंबेही त्यात भरडली गेली. दिल्लीत बातम्या पोचल्या तेव्हा पंतप्रधान नेहरूंच्या सांगण्यावरून तीन जणांचे सद्भावना मंडळ हैदराबादला गेले. पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफ्फार आणि मौलाना अब्दुल्ला मिस्री असे ते तिघे.

यांतले सुंदरलाल हे नाव लक्षात ठेवण्याजोगे आहे. कंपनी सरकारने कोणती कपटे करून आणि कोणती युद्धे लादून हा देश घेतला, हे सांगणारा 'भारत में अंग्रेजी राज' हा हिंदी ग्रंथ त्यांनी १९२९ मध्ये प्रसिद्ध केला, आणि ब्रिटिश सरकारने तो तातडीने जप्त केला. वीस वर्षांनी त्याच माणसाने लिहिलेला अहवाल स्वतंत्र भारताच्या सरकारने बंद ठेवला.

मंडळ २९ नोव्हेंबर ते २१ डिसेंबर १९४८ या काळात फिरले. संस्थानच्या १६ जिल्ह्यांपैकी ९ जिल्हे, २१ शहरे आणि २३ मोठी खेडी त्यांनी पाहिली. शिवाय, जिथे जाता आले नाही अशा १०९ गावांतल्या पाचशेहून अधिक लोकांच्या हकिगती ऐकल्या. त्यांचा अंदाज असा होता : कारवाईत आणि तिच्यानंतर, कमीत कमी धरूनही, २७ ते ४० हजार माणसे मारली गेली. सर्वांत जास्त झळ पोचलेले चार जिल्हे होते उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड. या चार जिल्ह्यांत मिळून मृतांचा आकडा १८ हजारांहून कमी नसावा, असे अहवाल सांगतो. एकट्या लातूरमध्ये वीसहून अधिक दिवस कत्तल चालू होती, असेही त्यात नोंदवले आहे.

हा अहवाल एकसुरी नाही. अनेक ठिकाणी सैन्याने लोकांचे प्राण वाचवले, असे तो म्हणतो. काही ठिकाणी सैन्यातली आणि पोलिसांतली माणसेच लुटीत आणि हत्येत सामील होती, हेही त्यात आहे. आणि हिंदू शेजाऱ्यांनी जिवावर उदार होऊन मुसलमान कुटुंबांना आसरा दिल्याच्या नोंदीही आहेत. हिंदू विणकर आपल्या मुसलमान विणकर भावांसाठी हल्लेखोरांसमोर उभे राहिले, अशी एक नोंद त्यात आहे.

गृहमंत्री सरदार पटेल यांना अहवाल मुळीच पटला नाही. रझाकारांनी आधी केलेल्या अत्याचारांना त्यात योग्य वजन दिलेले नाही, असा त्यांचा आक्षेप होता. अहवाल प्रसिद्ध झाला नाही. चाळीस वर्षांनी, १९८८ मध्ये, ओमर खालिदी यांनी अमेरिकेतून काढलेल्या 'हैदराबाद : आफ्टर द फॉल' या संग्रहात त्याचे उतारे आले. संपूर्ण अहवाल सर्वांना वाचायला मिळाला तो २०१३ मध्ये, ए. जी. नूरानी यांच्या 'द डिस्ट्रक्शन ऑफ हैदराबाद' या पुस्तकाच्या परिशिष्टात.

आकडा कसा तपासायचा?

विज्ञान शिकवणाऱ्याला इथे एक प्रश्न पडायला हवा. २७ ते ४० हजार ही संख्या आली कुठून? ती मोजणी नव्हे, अंदाज आहे. तीन माणसांनी तीन आठवड्यांत हजारो गावांची मोजदाद करणे शक्यच नव्हते. त्यांनी काही गावे पाहिली, काहींबद्दल ऐकले आणि त्यावरून सबंध प्रदेशाचा अंदाज बांधला. आपण शेतातल्या चार ठिकाणची माती घेऊन शेताचा कस ठरवतो, तसाच हा प्रकार.

अशा अंदाजात चुका दोन्ही दिशांनी होऊ शकतात. पळून गेलेला माणूस मेला असे समजले जाऊ शकते. एकाच मृत्यूची हकिगत दोघांनी सांगितली, तर तो दोनदा धरला जाऊ शकतो. उलट, ज्या घरात सांगायला कोणी उरलेच नाही, ते घर मोजणीतून सुटते. घाबरलेला साक्षीदार गप्प बसतो. म्हणूनच मंडळाने एक आकडा न देता खालची आणि वरची मर्यादा दिली. त्यात प्रामाणिकपणा आहे.

पडताळणीचा एक मार्ग म्हणजे १९४१ आणि १९५१ च्या जनगणनांची तुलना. पण त्या दहा वर्षांत हजारो लोक संस्थान सोडून गेले, काही परत आले, काही नव्याने आले. त्यामुळे लोकसंख्येतली घट म्हणजे मृत्यू असे सरळ म्हणता येत नाही. जमिनीचे आणि पोलिसांचे जुने दप्तर, न्यायालयातले खटले, जिवंत साक्षीदारांच्या हकिगती हे सगळे जोडत जावे लागते. अलीकडच्या काही संशोधकांनी हे काम हाती घेतले आहे. टेलर शर्मन यांचे २०१५ चे पुस्तक कारवाईनंतरच्या हैदराबादेतल्या मुसलमानांचे काय झाले, याचा अभिलेखांच्या आधारे मागोवा घेते.

झाकल्याने काय होते?

सरकारी कागद दडपून ठेवण्याची रीत काही आपल्याकडचीच नाही. अमेरिकेच्या संरक्षण खात्याने व्हिएतनाम युद्धाचा स्वतःसाठीच एक गुप्त इतिहास लिहून घेतला होता. तो तयार करण्यात भाग घेतलेल्या डॅनिअल एल्सबर्ग यांनी त्याच्या प्रती वृत्तपत्रांना दिल्या आणि जून १९७१ पासून तो छापून येऊ लागला. सरकार लोकांना एक सांगत होते आणि आपापसात दुसरेच मानत होते, हे त्यातून दिसले.

मराठवाड्यातली गोष्ट मात्र एका बाबतीत वेगळी आहे. इथले सत्य नेमके कोणापासून लपवले होते? अहवाल दिल्लीत कुलपात होता, पण ज्या गावांत हे घडले त्या गावांना ते माहीतच होते. ज्यांनी मारले, ज्यांनी लपवले, ज्यांनी वाचवले आणि जे वाचले, ती सगळी माणसे पुढे वर्षानुवर्षे त्याच बाजारात भेटत राहिली. सत्य लपले ते पाठ्यपुस्तकापासून, म्हणजे शाळेतल्या मुलांपासून.

आणि कागद नसला की ती जागा कुजबूज भरून काढते. एका घरात 'तेव्हा काहीच झाले नाही' असे ऐकू येते, दुसऱ्या घरात मृतांचा आकडा दोन लाखांवर जातो. अहवालातला अंदाज या दोन्हींच्या मध्ये कुठेतरी आहे. तो वेळीच खुला झाला असता तर त्याच्यावर टीका झाली असती, त्यातल्या त्रुटी दाखवल्या गेल्या असत्या, आणि साक्षीदार हयात असतानाच तो दुरुस्तही करता आला असता. ती संधी गेली. दडपलेल्या कागदाने शांतता राखली असे वरवर वाटते. प्रत्यक्षात त्याने अफवेला साठ वर्षे मोकळे रान दिले.

वर्गात काय करता येईल?

सतरा सप्टेंबर हा मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन आहे आणि तो अभिमानाने साजरा करण्याजोगा दिवस आहे. सरंजामी सत्ता गेली, रझाकारांची दहशत संपली, ही मुक्ती खरी होती. त्यासाठी सामान्य शेतकरी, शिक्षक आणि विद्यार्थी तुरुंगात गेले. त्या मुक्तीनंतरचे दुःखही खरेच होते. ही दोन विधाने एकमेकांना खोडत नाहीत. रझाकारांनी केलेल्या एका खुनामुळे दुसऱ्या निरपराध माणसाचा खून क्षम्य ठरत नाही, आणि नंतरच्या खुनामुळे आधीचा पुसला जात नाही. एवढे आठवी-नववीच्या मुलांना नीट समजते. मुले ते समजून घ्यायला तयार असतात, अडखळतो ते बहुधा आपणच. कारण वर्गात दोन्हीकडच्यांची नातवंडे-पतवंडे शेजारी शेजारी बसलेली असतात.

एक साधा उपक्रम सुचवतो. फळ्यावर एक तक्ता आखा. त्यात पाच रकाने करा : पुस्तक, लेखक तेव्हा कुठे होता, त्याने ते किती वर्षांनी लिहिले, त्यात काय सांगितले आहे, आणि कशाबद्दल मौन आहे. मेनन, लायक अली, रामानंद तीर्थ, भालेराव, सुंदरलाल मंडळ असे एकेक नाव भरत जा. शेवटचा रकाना भरताना मुले सर्वांत जास्त विचार करतील. वरच्या वर्गातल्या मुलांना जिल्ह्याचा नकाशा द्या आणि १९४८ ची सरहद्द त्यावर पेन्सिलीने काढायला सांगा. ईटसारख्या सरहद्दीजवळच्या गावात ती रेघ काढताना 'आपल्या गावातून कोण गेले, कोण आले, कोण परतले नाही' हा प्रश्न आपोआप निघेल. मात्र कोणाच्याही घराचे नाव घेऊन चौकशी करायची नाही, हा नियम आधीच घालून द्यावा. आपल्याला गाव समजून घ्यायचे आहे, आरोपी शोधायचे नाहीत.

गुपित फोडणारे पुस्तक हाती आले की आपल्याला वाटते, चला, आता सत्य कळले. खरे म्हणजे तिथून काम सुरू होते. त्या पुस्तकालाही तेच प्रश्न विचारायचे असतात जे आपण सरकारी पत्रकाला विचारले : हे कोणी पाहिले, कोणी मोजले, आणि कोणाची साक्ष यात आलेलीच नाही?