हजेरीची वही आणि दुकानातला कॅमेरा

मागच्या दिवाळीत गावी, लिंबागणेशला होतो. एका किराणा दुकानात गल्ल्यातले पैसे कमी भरले. दुकानदाराने मोबाइलवर सीसीटीव्ही लावला, आम्ही सगळे भोवती जमलो. फ्रेममध्ये सहा जण, त्यात मीपण. गल्ल्याला हात लावताना कुणीच दिसत नव्हतं. तरी सगळ्यांची बोटं एकाच बाईवर गेली. ती पारधी होती. खरं सांगतो, माझंही बोट उठलं होतं. पैसे संध्याकाळी हिशेबाच्या वहीत सापडले.

कॅमेऱ्याने तर काहीच दाखवलं नव्हतं. मग आम्ही पाहिलं काय?

१८७१ साली इंग्रजांनी गुन्हेगार जमाती कायदा केला. आधी तो उत्तरेत होता, १९११ च्या कायद्याने मुंबई इलाख्यातही आला. जमात जाहीर झाली की माणसाने काही केलेलं असो वा नसो, त्याचं नाव रजिस्टरमध्ये चढवता येई. बोटांचे ठसे घ्यायचे, ठरल्या वेळी हजेरी, राहण्याची जागा बदलली तर कळवायचं. सोलापुरात तर कुंपण घालून वसाहतच केली होती. त्या भागाला आजही लोक सेटलमेंट म्हणतात. बीड तेव्हा निजामाकडे, पण त्या सरकारचेही असे नियम होते.

ठशांचं तंत्र त्या काळी एकदम नवं. १८९७ मध्ये कलकत्त्यात ठसे कार्यालय निघालं. ढीगभर कार्डांतून नेमकं एक कार्ड काढायची पद्धत अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस यांनी बसवली, नाव मात्र साहेबाचं लागलं, हेन्री पद्धत. (आमच्या ऑफिसातही असंच चालतं, जाऊ द्या.)

आता गंमत बघा. चोरी झाली की आधी रजिस्टर उघडायचं. ज्याचं नाव त्यात, तोच उचलला जाणार. तो उचलला गेला की रजिस्टर खरं ठरणार. आम्ही इंजिनिअर लोक याला फीडबॅक लूप म्हणतो. मशीन लर्निंगमध्ये डेटा असा आला तर मॉडेल फेकून देतो. इथे ऐंशी वर्षं चालवलं.

३१ ऑगस्ट १९५२ ला कायदा गेला. पण राज्याराज्यांत ‘सराईत गुन्हेगार’ कायदे आले, मुंबई राज्यात १९५९ ला. २०२२ च्या नव्या कायद्याने पोलिसांना डोळ्यांचे स्कॅनही घेता येतात, नोंद ७५ वर्षं राहते. २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाला पोलिसांना सांगावं लागलं की विमुक्त जमातींच्या लोकांना मनमानी अटक करू नका.

त्या बाईची दुकानदाराने माफी मागितली नाही. मीपण नाही. पाडव्याला गेलो तेव्हा ती बाहेर पायरीवर उभी राहून साखर मागत होती.