राशीची उंची

डिचोलीच्या खाणींतून निघून मांडवीच्या पात्रातून बार्जांनी मुरगाव बंदरात येणाऱ्या लोहखनिजाच्या तांबड्या राशी वास्कोत ज्याने पाहिल्या असतील, त्याच्या मनात एकदा तरी आले असेल, की ज्या ढिगावर पाय ठेवताच तो घसरतो आणि ज्याच्या पोटात मोजपट्टी शिरत नाही, त्याच्या उंचीचा अजमास काढावा कसा?

प्रश्न जुना आहे. पूर्वी तो खळ्यावरच्या धान्याविषयी पडे. कुडवाने माप घालीत वीस कुडवांची एकेक खंडी मोजण्यापेक्षा राशीभोवती दोरी फिरवून हिशेब करणे सोपे, हे जाणून भास्कराचार्यांनी इ. स. ११५० च्या 'लीलावती'त राशिव्यवहाराचे स्वतंत्र प्रकरण घातले. परिघाच्या षष्ठांशाचा वर्ग करून त्याला वेधाने, म्हणजे उंचीने, गुणले की घनहस्त मिळतात, आणि एक घनहस्त म्हणजे मगध देशाची एक खारी. वेध तरी कोठून आणावा? तर जाड्या धान्यात तो परिघाचा दशमांश, बारीक धान्यात अकरावा अंश आणि कुसळाच्या धान्यात नववा अंश धरावा. कुसळे एकमेकांत अडकून रास अधिक उभी राहते, बारीक दाणा घसरून ती पसरते. आजच्या भाषेत हे उतार अनुक्रमे सुमारे ३२, ३० व ३५ अंशांचे होतात. रास भिंतीला टेकलेली असेल, तर दोरीने मिळालेले माप दुप्पट करावे आणि आलेल्या फळाचे अर्ध घ्यावे, इतका बारकावा त्यांनी सांभाळला आहे.

परंतु सूत्राचे खरे सामर्थ्य ते उलटविण्यात आहे. त्याच ग्रंथातील विलोमविधीचा दंडक असा, की शेवटाकडून आरंभाकडे येताना गुणकाचा भाजक व भाजकाचा गुणक करावा, वर्गाच्या जागी मूळ आणि मुळाच्या जागी वर्ग घ्यावा. परीघ ६० हात व वेध ६ हात असता माल ६०० खारी होतो. आता माल ६०० आणि वेध ६ एवढेच ठाऊक असेल, तर भागाकार १००, त्याचे मूळ १०, त्याची सहापट ६०, आणि तेवढ्या परिघाची जागा मोकळी ठेवावी लागेल, हे माल येण्यापूर्वीच कळते.

या गणितज्ञाच्या घराण्याची हकीकत चाळीसगावनजीक पाटण येथील शिलालेखातून उजेडात आणणारे डॉ. भाऊ दाजी लाड हे डिचोलीच्याच मुलखातले, पेडण्यातील मांद्र्याचे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापिल्याचे त्याच लेखाने सांगितले.

आता पुन्हा राशीच्या नियमाकडे. त्यात परीघ व्यासाच्या तिप्पट धरला आहे. ३९२७ भागिले १२५० हे सूक्ष्म गुणोत्तर याच ग्रंथात देणाऱ्या आचार्यांनी येथे मात्र स्थूल मानच स्वीकारले. कारण खळ्याची भुई कधी पुरी सपाट नसते आणि दोरीही कधी पुरी ताठ नसते. सूक्ष्म हिशेबाने ६०० खारींच्या जागी ५७३ भरतात. या २७ खारींचा भार कोणावर, हे गणित सांगत नाही. मात्र राशीचा आकडा धरून सरकारी वाटा ठरवावयाचा झाल्यास स्थूल मान रयतेला महागात पडते आणि उरलेल्या धान्यावर कुडव उपडा होईपर्यंत ते तिच्या ध्यानातही येत नाही.