बोल लेकराचा, बोल आईला



आमच्या एका बचत गटातली गोष्ट आहे. महिन्याच्या बैठकीला एक ताई तीन वर्षांच्या मुलाला घेऊन यायची. हाक मारली तरी तो वळून बघत नसे. बाटलीचं झाकण जमिनीवर फिरवत तासभर बसायचा. आम्ही तिला तोंडावर म्हणायचो, "मुलगे उशिराच बोलतात गं." ती गेली की म्हणायचो, "दिवसभर ही रानात, पोराशी बोलणार कोण?" ते तिच्या कानावर गेलं. ती बैठकीला यायची थांबली.

पुढे जिल्ह्याच्या दवाखान्यात निदान झालं: स्वमग्नता, म्हणजे ऑटिझम. मग आम्ही त्याविषयी वाचायला लागलो. तेव्हा लक्षात आलं, की जो बोल आम्ही तिला लावला, तोच मोठमोठ्या डॉक्टरांनीही आयांना लावला होता. तो कसा लागला आणि कसा पुसला गेला, ते आज सांगतो.

१९४३ साली अमेरिकेतल्या बाल्टिमोर शहरात लिओ कॅनर या डॉक्टरांनी ११ मुलांची हकिकत छापली. ही मुलं आपल्यातच रमत. काहींना शब्द येत, पण दुसऱ्याला काही सांगायला ते वापरत नसत. रोजच्या गोष्टीत थोडा बदल झाला तरी कासावीस होत. हे जन्मापासूनच असतं, असं कॅनर यांनी लिहिलं. पण त्याच लेखात आईवडिलांमध्ये माया कमी दिसते, असंही लिहिलं. पुढे १९४९ साली त्यांनी या घरांना फ्रीजची उपमा दिली. त्यातून 'फ्रीजसारखी थंड आई' असं बोललं जाऊ लागलं. शिकागोच्या ब्रुनो बेटेलहाइम यांनी १९६७ च्या पुस्तकात तर दोष आणखी ठामपणे आईवर टाकला. लेकरासाठी रात्र रात्र जागणाऱ्या बाईलाच ऐकावं लागे, की तुझी माया कमी पडली.

हा बोल पुसायला आईबापच पुढे आले. १९६२ साली लंडनमध्ये काही पालकांनी संस्था उभी केली. त्यांत लोर्ना विंग होत्या. त्या स्वतः डॉक्टर, आणि त्यांची मुलगी स्वमग्न. अमेरिकेत बर्नार्ड रिमलँड या मानसशास्त्रज्ञ बापाने १९६४ साली पुस्तक लिहून दाखवलं, की याचं मूळ मेंदूच्या घडणीत आहे, आईच्या वागण्यात नाही. दुसऱ्याच वर्षी त्यांनी रूथ सलिव्हन या आईबरोबर आणि इतर पालकांबरोबर संघटना काढली. १९६९ साली याच संघटनेच्या सभेत कॅनर आले आणि पालकांवर दोष नाही, असं त्यांनी जाहीर सांगितलं. २६ वर्षं लागली त्याला! आपल्याकडेही दिल्लीत १९९१ साली मेरी बरुआ या आईच्याच पुढाकाराने 'ॲक्शन फॉर ऑटिझम' ही संस्था सुरू झाली.

दोष गेला, पण प्रश्न उरला: या मुलांना शिकवायचं कसं? १९६० च्या दशकात अमेरिकेत इव्हार लोव्हास यांनी शब्द घोटून घेण्याची पद्धत चालवली. बरोबर आलं की खाऊ, चुकलं की ओरडणं, चापट, कधी विजेचा झटकासुद्धा. आज ते वाचताना अंगावर काटा येतो. शिवाय घोटून शब्द आला, तरी तो आपणहून कुणाला सांगावा असं मुलाला वाटायला हवं ना?

मैत्रिणींनो, बोलणं म्हणजे नुसते शब्द नव्हेत. तान्हं बाळ चांदोबाकडे बोट दाखवतं आणि मग आपल्याकडे बघतं. 'मी बघतोय ते तूही बघ,' एवढंच त्याला सांगायचं असतं. बोलण्याची खरी सुरुवात तिथे असते. स्वमग्न मुलाला नेमकं हेच अवघड जातं. १९७९ साली लोर्ना विंग आणि ज्युडिथ गोल्ड यांनी लंडनमधल्या मुलांचा अभ्यास करून दाखवलं, की लोकांत मिसळणं, सांगणं-समजणं आणि कल्पनेने खेळणं या तिन्ही अडचणी बरोबरीने येतात.

मग वाट बदलली. १९८५ साली अमेरिकेत चित्रांची पद्धत निघाली. मूल हवं त्या वस्तूचं चित्र दुसऱ्याच्या हातात देतं आणि वस्तू मिळवतं. म्हणजे सांगायला आधी तोंडच उघडायला हवं असं नाही. पुढे इंग्लंडमध्ये १५२ लहान मुलांवर एक प्रयोग झाला, त्याचा अहवाल २०१० साली आला. त्यात मुलापेक्षा पालकांना शिकवलं. आई आणि मूल खेळतात त्याची चित्रफीत काढायची, मग आईने शिकवणाऱ्याबरोबर बसून ती बघायची. मुलाने कुठे काही सांगितलं, आपण कुठे घाई केली, हे तिचं तिलाच दिसतं.

हीच पद्धत नंतर आपल्या शेजारी गोव्यात आणि पाकिस्तानातल्या रावळपिंडीत वापरून पाहिली. दोन्हीकडे मिळून ६५ मुलं होती. अहवाल २०१६ साली छापला गेला. शिकवणारे मोठे तज्ज्ञ नव्हते, प्रशिक्षण दिलेले साधे आरोग्य कार्यकर्ते होते. आईवडील मुलाच्या कलाने घेऊ लागले आणि मुलं आपणहून जास्त सांगू लागली. सगळंच सुधारलं नाही. दोघांचं लक्ष एकाच गोष्टीवर टिकण्याचा वेळ काही वाढला नाही. पण आपल्यासारख्या बायकांनाही हे शिकता येतं आणि शिकवता येतं, एवढं दिसलं.

आम्ही त्या ताईच्या घरी गेलो. आमचं चुकलं म्हणालो. ती रडली नाही. म्हणाली, "आता आलात ना, मग बसा त्याच्याजवळ." आम्ही जमिनीवर बसलो, त्याच्या नजरेच्या पातळीला. त्याचं झाकण हिसकावलं नाही, दुसरं झाकण घेऊन आम्हीही फिरवलं. "फिरलं!" एवढंच म्हणायचं आणि मनात दहा मोजेपर्यंत गप्प राहायचं. हनुवटी धरून 'इकडे बघ' म्हणायचं नाही. असं कितीतरी दिवस चाललं. एकदा त्याने थांबलेलं झाकण उचललं आणि आमच्यातल्या एकीच्या तळहातावर ठेवलं. शब्द नव्हता, पण 'फिरव' हे सांगणंच होतं ते.

तुमच्या वस्तीत दीड-दोन वर्षांचं मूल नावाला वळत नसेल, बोट दाखवत नसेल, तर वाट बघत बसू नका. अंगणवाडी ताईंना सांगा. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक अंगणवाडीत तपासणीला येतं, तिथून पुढे जिल्हा रुग्णालयात पाठवतात. २०१६ च्या कायद्याने स्वमग्नता २१ दिव्यांगत्वांमध्ये धरली आहे, त्यामुळे दाखलाही मिळू शकतो.

आणि त्या मुलाची आई बैठकीला येत नसेल, तर गैरहजेरीचा दंड लिहिण्याआधी एकदा तिच्या घरी जाऊन या.